स्ट्रॉवरचा उंट

माझी वहिनी निशिगंधा एखाद्याकडे बघते तेव्हा त्या माणसाला उगाचच आपल्या तोंडावर काहीतरी लागलंय असं वाटतं. शिवराजदादासाठी आम्ही तिला बघायला उदगीरला गेलो होतो, तेव्हा चहाचा ट्रे पुढे करताना तिने माझ्या आईकडे असंच बघितलं होतं. परतीच्या प्रवासात आई म्हणाली, "पोरगी चांगली आहे गं वैशू, पण सारखी माझ्या नाकाकडे का बघत होती?"

वहिनी मूर्तिकला शिकलेली. लग्न होऊन आमच्या दिलसुखनगरच्या फ्लॅटमध्ये आली आणि थोड्याच दिवसांत उप्पलच्या पलीकडे एका पुतळ्यांच्या कारखान्यात नोकरीला लागली. तिथे पुढाऱ्यांचे, पुढाऱ्यांच्या वडिलांचे आणि कंत्राटदारांच्या आजोबांचे पुतळे होत. घरी आली की हात धुता धुता ती त्या गिऱ्हाइकांबद्दल बोलायची. "मेलेल्याचा फोटो घेऊन येतात आणि म्हणतात, यातला माणूस काढा, कपडे तेच ठेवा."

एका म्हाताऱ्याचा पुतळा तिने फार मन लावून केला होता. त्याला अर्धांगाचा झटका येऊन गेलेला, त्यामुळे डावी पापणी लोंबायची. वहिनीने ती तशीच केली. बघायला आलेल्या घरच्यांमध्ये त्याची मुलगी होती, ती त्या पापणीला हात लावून रडायला लागली. मुलगे म्हणाले, डोळा उघडा करा, चौकात बसवायचाय. मालकाने 'हौ सर, हौ सर' करत पुढे होऊन ओल्या मातीत अंगठा घातला आणि सगळ्यांसमोर तो डोळा वर उचलला. वहिनीने बादलीत हात बुडवले, पदराला पुसले आणि बसस्टॉपवर येऊन उभी राहिली. पुन्हा गेली नाही.

त्यानंतर बरेच महिने ती घरीच होती. खालच्या मजल्यावरच्या कोचिंग क्लासची पोरं जिन्यात बसून सूत्रं घोकायची आणि वहिनी बाल्कनीत उभी राहून त्यांची डोकी बघायची. दादा वीज खात्यात, मी कोठी भागातल्या एका बँकेत. दिवसभर घरात आई आणि ती, दोघीच.

टंबलरचं खूळ आमच्या घरात आलं ते संक्रांतीच्या हळदीकुंकवातून.

कोठीजवळच्या एका हॉलमध्ये मराठी बायकांचं हळदीकुंकू होतं. आम्ही तिघी गेलो. त्या वर्षी वाण द्यायचं रसिकाने स्वतःकडे घेतलं होतं. ही रसिका मूळची पुण्याची, नवरा आयटीत, राहायला कोंडापूरच्या उंच टॉवरमध्ये. कोठीला वर्षातून एकदा यायची आणि आल्यावर 'किती ऑथेंटिक आहे ना हे सगळं' असं म्हणून सगळ्यांचे फोटो काढायची. तिच्या हातात तिचा टंबलर होता.

टंबलर म्हणजे आमच्याकडे कॉफी प्यायचा स्टीलचा छोटा पेला. रसिकाचा टंबलर म्हणजे कान असलेली बादली. पाणी प्यायच्या त्या भांड्याला तिने जेवढं नटवलं होतं तेवढं कुणी बारशाच्या बाळाला नटवत नाही. बुडाला गुलाबी सिलिकॉनचा बूट. कानाला मण्यांची माळ आणि माळेत ससा, ढग, गाल फुगवलेला पावाचा तुकडा. पोटाला पट्ट्याने बांधलेली वीतभरसुद्धा नसलेली बॅग. आणि स्ट्रॉच्या तोंडावर टोपीसारखं चढवलेलं अस्वलाचं डोकं. घोटभर पाणी प्यायचं तर आधी अस्वलाचं डोकं उपटायचं, ते कुठेतरी ठेवायचं, प्यायचं आणि डोकं पुन्हा बसवायचं. बोलण्याच्या नादात रसिकाने ते डोकं कुंकवाच्या करंड्यात ठेवलं. मग लाल तोंडाचं अस्वल हातात धरून ती बाथरूमकडे धावली.

"त्या बॅगेत काय असतं गं?" आईने विचारलं.

"काही नाही काकू. क्यूट दिसते म्हणून."

वाण म्हणून प्रत्येकीला एकेक तसलंच अस्वल मिळालं. वहिनीने तिचं उलटंपालटं करून पाहिलं.

"ह्याला मान नाही," ती म्हणाली.

"अगं, टॉपर आहे तो. अस्वल आहे."

"अस्वलाला मान असते. हा उकडलेला बटाटा आहे, कान लावलेला."

आजूबाजूच्या बायका हसल्या. रसिकाला ते लागलं. ओठांचा चंबू करून ती म्हणाली, "मग तू करून दाखव ना. तू तर आर्टिस्ट आहेस म्हणे."

वहिनीने पहिलं अस्वल केलं ते शिव्या देत. भट्टीत न घालता साध्या ओव्हनमध्ये भाजून कडक होणारी रंगीत माती मिळते, ती तिने मागवली. ज्या ओव्हनमध्ये आई नानकटाई करायची त्याला आता प्लास्टिकचा वास यायला लागला आणि आईची कुरकुर सुरू झाली. पण ते अस्वल मात्र अस्वल होतं. त्याला मान होती आणि नुकतंच झोपेतून उठवल्यासारखी चीड होती. रसिकाने फोटो टाकला आणि तिच्या सोसायटीतल्या बायकांची रांगच लागली. माझ्या टंबलरला मांजर हवं, माझ्या टंबलरला पेंग्विन हवा, टंबलरला थंडी वाजते म्हणून स्वेटर हवा. एकीने तर टंबलरचा वाढदिवस आहे म्हणून टोपी मागितली. वहिनीने फोन ठेवला आणि म्हणाली, "ह्या बायकांच्या पोटच्या पोरांच्या बुटाच्या नाड्या घरातली मावशी बांधते. आणि ही भांड्याला टोपी मागतेय."

तरी ती करत राहिली. हाताला माती लागत होती ना. मला वाटतं तेवढ्यासाठीच.

मग एक दिवस तिने रसिकासाठी बदक केलं. भाजून टेबलावर गार व्हायला ठेवलेलं होतं. आई चष्मा पुसत आली, वाकून बघितलं, पुन्हा बघितलं आणि पदर तोंडात कोंबून खाली बसली.

"अगं बाई! ही ती रसिका!"

खरंच ती रसिका होती. हनुवटी वर, फोटोसाठी कायम पुढे काढलेले ओठ, आपण बोलतोय तेव्हा सगळे ऐकताहेत ना हे बघायला एका बाजूला वळलेला डोळा. पिसं पिवळी होती, चोच नारिंगी होती, पण रसिका होती. आई हसून हसून खोकायला लागली आणि मग एकदम गंभीर होऊन म्हणाली, "कळलं तर काय म्हणेल ती?"

"नाही कळणार, आई," वहिनी म्हणाली. "स्वतःचं थोबाड ओळखायला आधी ते कधीतरी बघावं लागतं. ह्या फोनमध्ये बघतात. फोन त्यांना दुसरीच कुणीतरी दाखवतो."

आणि तसंच झालं. रसिकाने बदक स्ट्रॉवर चढवलं आणि किंचाळली, "कित्ती गोड! मी ह्याच्या प्रेमातच पडले!" वहिनी शांतपणे बघत होती. तिच्या ओठांच्या कोपऱ्यात जे आलं ते हसू होतं असं मी म्हणणार नाही.

त्यानंतर तिने कुणालाच सोडलं नाही. मेधा नावाची एक बाई होती, सोसायटीच्या ग्रुपवर कुणी गाडी वाकडी लावली, कुणाच्या कुत्र्याने कुठे घाण केली, याचे फोटो टाकणारी. तिचं मुंगूस झालं. एकीची खार झाली, एकीची गाभण म्हैस. सगळ्या जणी आपापलं तोंड स्ट्रॉवर मिरवत, ते उपटत, पाणी पीत आणि परत चढवत. वहिनीला याचं समाधान वाटत असेल असं मला आधी वाटायचं. पण तिचा तिटकारा कमी होण्याऐवजी वाढतच चालला होता. "तोंडावर थुंकलं तरी म्हणतील, पाऊस किती क्यूट," ती म्हणायची.

पावसाळ्यानंतर रसिकाने त्यांच्या क्लबहाउसमध्ये टंबलर सजवण्याचा कार्यक्रम ठेवला. वहिनीने शिकवायचं होतं, मी मदतीला. लांब टेबलावर वीसेक टंबलर मांडलेले, एखाद्या मुक्या बाळांच्या पाळणाघरासारखे. तिथे आम्ही भाग्यलक्ष्मीला पहिल्यांदा पाहिलं. ती वरंगलची, घरची भाषा तेलुगू, नवरा प्रमोद लातूरचा, म्हणून ती मराठी बायकांच्या गटात. मराठी लग्नानंतर शिकलेली, त्यामुळे तिच्या बोलण्यात टेबल 'ती' असायची आणि खुर्ची 'तो'. बाकीच्या जणी तिला मुद्दाम एखादं वाक्य परत म्हणायला लावत. उंच बाई, लांब मान, पुढे आलेले दात. तिच्याकडे टंबलर नव्हता. पोचा पडलेली साधी स्टीलची बाटली होती.

रसिका ती बाटली उचलून म्हणाली, "भाग्या, हिच्या अंगावर काहीतरी घाल गं. अगदी विधवा दिसतेय."

सगळ्या हसल्या. भाग्यलक्ष्मीही हसली, सगळे दात दाखवून.

घरी आल्या आल्या वहिनीने माती मळायला घेतली आणि उंट केला. लांब मान पुढे येऊन खाली झुकलेली, जड पापण्या, दात बाहेर, हसतोय. बघितल्याबरोबर मी भाग्यलक्ष्मीला ओळखलं.

"वहिनी, तिने काय वाईट केलं तुझं?"

"हसली. सगळ्या तिला हसत होत्या आणि तीही हसली. रसिका मूर्ख आहे, ते चालतं मला. पण हे असलं लाचार हसणं मला बघवत नाही."

नामपल्लीला नुमाइश, म्हणजे दरवर्षीचं मोठं प्रदर्शन, लागलं तेव्हा रसिकाने तिथल्या एका स्टॉलमध्ये अर्धी जागा मिळवली. संध्याकाळची गर्दी, धूळ, पिस्ता हाउसच्या हलीमवाल्यापासून पापडवाल्यापर्यंत सगळीकडून हाका. आमच्या फळीवर बदक, मुंगूस, खार, म्हैस यांच्या जास्तीच्या प्रती मांडलेल्या आणि टोकाला तो उंट. वहिनीने तो कुणाला दिला नव्हता, नुसता नमुना म्हणून लावला होता. एक बुरख्यातली म्हातारी थांबली, एक अस्वल उचलून तिने विचारलं, "ये पानी पीने का है बेटा, कि खेलने का?"

"दोनों का नै, खाला," वहिनी म्हणाली. "दिखाने का."

म्हातारीने अस्वल असं खाली ठेवलं जसं काही ते चावणार होतं.

रसिका आणि मेधा खायला गेल्या होत्या तेवढ्यात भाग्यलक्ष्मी आली. एकटीच. तिने फळीवरून सावकाश नजर फिरवली. उंटापाशी थांबली. त्याला उचलून दिव्याखाली धरला.

"निशिगंधागारू, हा मी आहे ना?"

मी खाली वाकून रिकाम्या खोक्यांत काहीतरी शोधायला लागले. वहिनी म्हणाली, "हो."

"आणि हा रसिका." तिने बदकावर बोट ठेवलं. "हा मेधा. ही तिसऱ्या मजल्याची." एकूण एक ओळखलं तिने. "त्यांना कळला नाही?"

"नाही."

"नाही कळणार. त्यांना लहानपणापासून कुणी सांगितला नाही ना. मला सगळ्यांनी सांगितला. दात, मान. शाळेत, लग्नात, सगळीकडे. म्हणून मला माझा तोंड पाठ आहे." ती अजून उंटाकडेच बघत होती. "पण हा चूक आहे."

वहिनीच्या कामाला कुणी वाईट म्हटलेलं मी ऐकलं होतं, चूक म्हटलेलं कधी नाही. तिचा चेहरा ताठ झाला. "काय चूक आहे?"

"मान. त्या दिवशी माझी मान खाली नव्हती. मी सरळ रसिकाकडे बघत होते. ती एवढी मोठी बादली घेऊन आली, बादलीला बूट घातला, बॅग दिली, आणि मला सांगते, तुझी बाटली विधवा दिसते. मी हसू नको तर काय करू? मी तिला हसत होते. तुम्ही बघितलाच नाही."

भाग्यलक्ष्मीने उंट पर्समध्ये टाकला, विचारलं नाही की काही नाही, चेन लावली आणि गर्दीत निघून गेली.

त्या रात्री जेवताना वहिनीचं लक्ष नव्हतं. दादाने विचारलं तर म्हणाली, "ती बाई बरोबर बोलली. मी तिला हवी तशी करून टाकली. त्या मालकाने अंगठा घातला, मीही तेच केलं." मग ताट सारून उठली.

नंतरच्या रविवारी ती एकटी कोंडापूरला गेली. रसिकाच्या टॉवरमध्ये, पण रसिकाकडे नाही. भाग्यलक्ष्मीच्या दारात उभी राहून तिने सरळ विचारलं, "माझ्यासमोर बसाल का? डोकं करायचंय, खऱ्या मापाचं."

"दात झाकणार?"

"नाही."

"मग बसते."

त्यानंतर भाग्यलक्ष्मी मेट्रोने आमच्याकडे यायला लागली. बाल्कनीत स्टूलवर बसायची, वहिनी मातीत. आई दोघींना उपमा नेऊन द्यायची आणि परत येऊन मला सांगायची, "अगं, त्या बोलतच नाहीत एकमेकींशी." मग हळूहळू बोलायला लागल्या. भाग्यलक्ष्मी बसल्या बसल्या टॉवरमधल्या एकेकीची नक्कल करायची, त्या लिफ्टमध्ये कशा उभ्या राहतात, मुलांशी इंग्रजीत आणि ड्रायव्हरशी हिंदीत बोलताना आवाज कसा बदलतो, इतकं नेमकं की वहिनीचा मातीतला हात थांबायचा. त्या बाईचं मराठी मोडकं होतं. नजर मोडकी नव्हती.

डोकं जवळजवळ झालं होतं तेव्हा रसिका आली. पुढच्या कार्यक्रमाच्या ऑर्डरी द्यायला, न कळवता. एका हातात फोन, दुसऱ्या हातात टंबलर, टंबलरवर बदक. बाल्कनीत पाय टाकला आणि ती थबकली. स्टूलवर भाग्यलक्ष्मी आणि लाकडी पाटावर तीच, मातीची, मान ताठ, दात उघडे, समोरच्याला चांगलंच ओळखून असल्यासारखी हसणारी.

"हिचा पुतळा?" रसिका म्हणाली. "म्हणजे, छान आहे. पण हिचा का?"

रसिकाने डोक्याभोवती एक फेरी मारली. तिच्या मनात काय चाललंय ते तोंडावर सरळ दिसत होतं.

"निशी, मग माझाही कर ना. फक्त जबडा जरा रेखीव हवा, आणि हनुवटीखाली थोडं कमी..."

"तुमचा झालाय," वहिनी म्हणाली.

"कधी?"

वहिनीने मातीने भरलेलं बोट टंबलरकडे केलं.

रसिकाने आधी मागे वळून बघितलं, तिथे कुणी आहे की काय म्हणून. मग खाली. बदक तिच्याकडे बघत होतं, हनुवटी वर करून. रसिकाचे ओठ आपोआप पुढे आले, रागाने की रडू आल्याने कुणास ठाऊक, आणि त्या क्षणी त्या दोघींत पिसांचाच काय तो फरक राहिला. भाग्यलक्ष्मीने नजर वळवली. तेवढी माणुसकी आम्हा दोघींत नव्हती. आम्ही बघत राहिलो.

रसिकाने बदक उपटलं. फेकून देईल असं वाटलं होतं, पण तिने ते टंबलरच्या पोटावरच्या त्या इवल्याशा बॅगेत कोंबलं आणि जिना उतरून गेली. त्या बॅगेत पहिल्यांदाच काहीतरी ठेवलं गेलं असणार.

संध्याकाळपर्यंत टॉवरमधल्या सगळ्या जणींना कळलं. मेधाने मुंगसाचा फोटो आणि आपला फोटो शेजारी शेजारी ठेवून बघितला म्हणे, आणि मग वहिनीला एक लांबलचक मेसेज पाठवला. त्यात 'टॉक्सिक' हा शब्द बऱ्याच वेळा होता आणि शेवटी हात जोडलेली खूण होती. वहिनीला सगळ्या ग्रुपांतून काढलं. ऑर्डरी बंद झाल्या. दादा मला बाजूला घेऊन म्हणाला, "वैशू, तू समजव तिला. एक सॉरी टाकून दे म्हणावं. कायकू नाराज करायचं लोकांना?" मी समजवलं नाही. त्या बायकांना पुढच्या सणापर्यंत टंबलरचाही कंटाळा आला आणि त्यांनी दुसरं काहीतरी नटवायला घेतलं. ते काय होतं हे विचारायचीसुद्धा मला इच्छा झाली नाही.

भाग्यलक्ष्मीचं डोकं प्लास्टरमध्ये ओतून तिच्या घरी गेलं. प्रमोदने ते बराच वेळ पाहिलं आणि म्हणाला, "हुबेहूब आहे. पण घरात दोन-दोन कशाला?" तिने ते टीव्हीच्या शेजारी ठेवलं, म्हणजे मॅच बघताना त्याला दोघी दिसतील.

वहिनीकडे आता अधूनमधून कुणीतरी येतं. बहुतेक जण नाक कमी करा म्हणतात आणि ती त्यांना जिन्याची वाट दाखवते. जे म्हणत नाहीत त्यांचं ती करते. असे फार नाहीत. तिचा माणसांबद्दलचा तिटकारा गेलेला नाही. फक्त आता ती बोलण्याआधी पुन्हा एकदा बघते.

भाग्यलक्ष्मी मात्र अजून रविवारी येते. बाल्कनीत दोघी चहा घेऊन बसतात आणि खालून जाणाऱ्यांना नावं ठेवतात. परवा समोरच्या इमारतीतला एक जण नवी कार धूत होता. आधी त्याने तिच्या टायरांना हळदकुंकू लावलं, मग बॉनेटवर हात ठेवून सेल्फी काढला, मग पलीकडे जाऊन तिच्या काचेचा मुका घेतला.

"त्याची बायको मागे उभी आहे," भाग्यलक्ष्मी म्हणाली. "पिशवी घेऊन. कधीपासून. तो तिला दिसतच नाही."

"ती त्याला दिसत नाही," वहिनीने सुधारलं.

भाग्यलक्ष्मीने पुन्हा वाकून बघितलं. "नाही. मी बरोबर बोलले. ती रस्त्याकडे बघते, त्याच्याकडे नाही."

वहिनी इतक्या मोठ्याने हसली की खालच्या त्या पिशवीवाल्या बाईने वर पाहिलं. आतून आई ओरडली, "अगं, रस्त्यावरच्या माणसांना काय हसता गं, शोभतं का?" आणि मग स्वतःची खुर्ची ओढत बाल्कनीत येऊन बसली.